गिरजाबाईंचं कापलेलं वाक्य

अन्याय गिरजाबाई निकोडे यांच्यावर झाला. समुद्रपूरजवळच्या एका खेड्यात नाल्याकाठच्या बाडीत भाजीपाला पिकवणाऱ्या आणि बाजारात वांग्याची रोपं विकणाऱ्या या बाई. कधी झाला? १९८३ च्या जानेवारीत, संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी, दुपारी तीनच्या सुमारास. कुठं? वर्ध्यात, माझ्या भाड्याच्या खोलीतल्या टेबलावर. कोणी केला? मी. हत्यार होतं दाढीचं पातं.

तो करीचा दिवस होता. त्या दिवशी कुठलं चांगलं काम हातात घेऊ नये म्हणतात. घरमालकीणबाईंनी दारातून तसं सुचवलंही होतं. मी त्यांना अंधश्रद्धेवर पाच मिनिटं ऐकवलं आणि दार लावून कामाला बसले. त्या दिवशी मी त्यांचं ऐकलं असतं तर बरं झालं असतं.

दिवाळी अंकासाठी संपादकांनी मागितलंय ते वेगळंच: ‘एकटीनं माहितीपट काढत फिरणाऱ्या मुलीचे गमतीदार अनुभव’. गमती आहेत, सांगते. पण त्या गिरजाबाईंच्या गोष्टीच्या वाटेवर लागतील तेवढ्याच.

आणीबाणी उठली तेव्हा मी कॉलेजात होते आणि पत्रकं लिहायचे. पत्रकात वाक्य छोटं लागतं, शत्रू ठळक लागतो आणि शंका अजिबात चालत नाही. शंका घातली की पत्रक चार पानांचं होतं आणि चार पानं कोणी वाचत नाही. मी एका पानात मावणारी पत्रकं फार चांगली लिहायचे. ‘विज्ञान विद्यापीठात कोंडलंय, कुलूप तोडा!’ हे माझंच. ‘शेतकऱ्याला शिकवू नका, शेतकऱ्याचं ऐका!’ हेही माझंच. हे दुसरं जरा लक्षात ठेवा.

मग नागपूरच्या एका म्हाताऱ्या छायाचित्रकाराकडून जुना सोळा मिलिमीटरचा कॅमेरा मिळाला आणि मी पत्रकं सोडून माहितीपटाकडे वळले. विषय तोच. ज्यांना शास्त्रज्ञ दारात उभं करत नाहीत, त्यांना मी पडद्यावर उभं करणार. बातमी पसरायला वेळ लागला नाही. हिंगणघाटचे एक गृहस्थ दोऱ्याला पितळी लंबक बांधून आले. अंड्यावर लंबक धरून आतून कोंबडा निघणार की कोंबडी ते सांगायचे. आम्ही डझनभर अंडी उबवायला ठेवली. त्यातली निम्मी त्यांच्याच घरच्यांनी खाऊन टाकली, आणि उरलेल्यांचा निकाल ते अजून सांगताहेत. दुसरे एक जण झाडांना दुःख होतं हे सिद्ध करायला आले होते. फांदी तोडताना ते स्वतःच इतके रडले की आवाज ध्वनिमुद्रणाच्या कामाचा राहिला नाही.

पण कारंजा घाडगेचे मास्तर तसे नव्हते. निवृत्त विज्ञानशिक्षक, धोतर स्वच्छ, वही त्याहून स्वच्छ. हायवेवरच्या ढाब्यांवर ट्रकवाले थांबतात, त्यातल्या काहींनी डिझेलच्या नळीला लोहचुंबक बांधले होते. गाडी जास्त पळते म्हणायचे. मास्तरांनी ते पाहिलं आणि विचार केला: डिझेलवर परिणाम होतो, तर पाण्यावर का नाही? मोडक्या रेडिओंच्या स्पीकरमधले चुंबक काढून त्यांनी ते विहिरीवरच्या पंपाच्या पाण्याच्या धारेत तारेनं टांगले आणि त्या पाण्यावर अंगणात वांगी लावली. चुंबकातून गेलेलं पाणी पिऊन रोप जोमानं वाढतं आणि त्याला कीड लागत नाही, असा त्यांचा सिद्धान्त होता. कृषी विद्यापीठाला त्यांनी अनेक पत्रं लिहिली. एकाचंही उत्तर आलं नाही.

उत्तर आलं नाही, एवढ्यावरच मला सिद्धान्त पटला. माझं डोकं तेव्हा असं चालायचं.

मी ढाब्यावर एका ट्रकड्रायव्हरचीही मुलाखत घेतली. त्याच्या नळीला दोन चुंबक होते. विचारलं, खरंच फरक पडतो? तो हसला. “मॅडम, हम लोगों ने टेस्ट किया था घाट के उतार पे. उतार पे तो बैलगाड़ी भी भागती है.”

हे वाक्य मी माहितीपटात घेतलं नाही. वेळेत बसत नव्हतं असं मी स्वतःला सांगितलं. कापण्याची सवय मला तिथं लागली. गिरजाबाई नंतर आल्या.

मास्तरांच्या अंगणात वांग्याची जेमतेम आठ झाडं होती. पडद्यावर आठ झाडं केविलवाणी दिसतात. मला बाडी पाहिजे होती, विहीर पाहिजे होती आणि बोलणारी बाई पाहिजे होती. समुद्रपूरच्या आठवडी बाजारात गिरजाबाई भेटल्या. पन्नाशीच्या, ठिपक्यांचं लुगडं, समोर ओल्या फडक्यात गुंडाळलेल्या रोपांच्या जुड्या. रोपांचा धंदा काय असतो ते मला त्यांच्याकडे कळलं. वांग्याचं बोटभर रोप पाहून ते काटेरी आहे की बिनकाटेरी, जांभळं की हिरवं, हे घेणाऱ्याला सांगता येत नाही. ते कळायला दीड-दोन महिने लागतात. तोवर विकणाऱ्या बाईच्या शब्दावर भरवसा ठेवायचा. शब्द एकदा खोटा निघाला की पुढच्या हंगामात तिच्यासमोर कोणी बसत नाही. गिरजाबाईंसमोर बायका रांगेनं बसायच्या.

“चुंबक?” त्यांनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. “अवं बाई, वांग्याले पाणी पाह्यजे, शेणखत पाह्यजे. लोखंड कायले पाह्यजे?”

“मावशी, करून तर पाहू.”

“पाह्य मंग. माह्यं काय जाते!”

दोन वाफे ठरवले. एकाला चुंबकाच्या धारेतलं पाणी, दुसऱ्याला साधं. रोप एक, खत एक, दिवस एक. मास्तरांनी वहीत दोन खाने आखले. इथपर्यंत सगळं ठीक होतं.

आता माझा धंदा सांगते, कारण चूक त्या धंद्याच्या पोटात आहे. कॅमेरा चावीचा होता. एकदा चावी भरली की अर्धा मिनिटसुद्धा चालायचा नाही. शंभर फुटांचं रीळ तीन मिनिटांच्या आत संपायचं. रीळ महाग, ते धुवायला मुंबईला पाठवायचं आणि काय आलं ते पंधरा दिवसांनी कळायचं. आवाज वेगळ्या टेपरेकॉर्डरवर. तेव्हा एक फूटही वाया घालवायचा नाही, हा नियम. चुंबकाचा वाफा हा माहितीपटाचा नायक होता, त्यामुळे त्याची जवळून पुष्कळ चित्रं घेतली. साध्या वाफ्याचं आठवड्याला एकच, तेही लांबून.

काळ्यापांढऱ्या फिल्मवर धुळीचं पान राखेसारखं दिसतं. म्हणून शूटिंगआधी मी गिरजाबाईंना पानं धुवायला लावायचे. शिवाय मला एक खास चित्र सापडलं होतं: जमिनीवर उताणं पडून, पान उन्हाकडे धरून, खालून. शिरा अशा उजळतात की पाहणारा गप्प बसतो. पण पानाच्या खालीच मावा असतो, त्या बारीक चिकट किडी, आणि पडद्यावर एकेक गोचिडाएवढी दिसते. म्हणून पानं खालूनही धुवायची. ओल्या फडक्यानं, एकेक पान, एक दिवस आड, दोन महिने.

फक्त एका वाफ्याची.

वाचणाऱ्याला हे आत्ताच कळलं असेल. मला कळलं नाही. मास्तरांना कळायला हवं होतं, पण ते वही घेऊन आठवड्यातून एकदाच यायचे, आणि तोवर पानांवरचं पाणी वाळलेलं असायचं. वहीत पाण्याचा खाना होता, खताचा खाना होता. फडक्याचा खाना नव्हता.

दोन महिन्यांनी चुंबकाचा वाफा असा डवरला की रस्त्यानं जाणारे सायकल थांबवून पाहायचे. साध्या वाफ्याची पानं आकसली होती, चिकट झाली होती. मास्तरांचे डोळे भरून आले. मी टेपरेकॉर्डर काढला, गिरजाबाईंना धुऱ्यावर, म्हणजे बांधावर बसवलं आणि विचारलं, “मावशी, फरक दिसतो की नाही?”

त्या म्हणाल्या ते असं. टेप माझ्याकडे आहे, अक्षर न अक्षर देते.

“फरक तं दिसते, बाई. नाई कायले म्हणू? पण थो चुंबकाचा नाई. तू मले एक दिवस आड पानं धुवाले लावते, खालून अन् वरून. मावा धुवून जाते. त्या दुसऱ्या वाफ्याले कोणं धुतलं? त्यालेई धुतलं असतं तं थोई असाच झाला असता. चुंबक काढून घरी ने, बाई. फडकं ठेव.”

मी टेप थांबवला. मास्तर वाफ्याच्या दुसऱ्या टोकाला वांगी मोजत होते, त्यांना ऐकू गेलं नाही. मी त्यांना सांगितलं नाही.

संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी मी त्या टेपवर पातं चालवलं. ‘नाई कायले म्हणू?’ आणि ‘पण’ यांच्या मध्ये. टेप तिरका कापतात, म्हणजे जोड ऐकू येत नाही. मी सुरेख तिरका कापला. एकही शब्द बदलला नाही, एकही पुढेमागे केला नाही. पुढचं फक्त काढलं. आणि राहिलेलं वाक्य तारेवर हलणाऱ्या चुंबकाच्या चित्रावर बसवलं.

मनात काय होतं तेही लिहिते, नाहीतर हे लिहिण्यात अर्थ नाही. मनात होतं: या अडाणी बाईला प्रयोग म्हणजे काय ते काय कळणार! ज्या मुलीनं ‘शेतकऱ्याचं ऐका’ हे पत्रक गावोगाव वाटलं होतं, तिच्या मनात हे होतं. विद्यापीठातल्या साहेबांच्या तोंडी मी जे वाक्य घालायचे, तेच.

पहिला खेळ गिरजाबाईंच्याच गावात झाला. शाळेच्या भिंतीवर चादर बांधली, उसना प्रोजेक्टर एस.टी.च्या टपावरून आणला. गिरजाबाई पुढच्या रांगेत होत्या. स्वतःचा चेहरा पडद्यावर आल्यावर त्यांनी पदर तोंडाला लावला. टाळ्या झाल्या. ‘नाई कायले म्हणू?’ झालं, चुंबक हलला, संगीत सुरू झालं. गिरजाबाईंनी पदर खाली घेतला आणि वाट पाहत बसल्या. माहितीपट संपला तरी त्या उठल्या नाहीत.

मी वायर गुंडाळत होते. त्या जवळ आल्या. “माह्यं बाकीचं बोलणं कुठी गेलं वं?”

“तेवढ्यात फिल्म संपली होती, मावशी.”

“बरोबर माह्या बोलण्यापाशी संपली?”

मी हो म्हणाले. त्यांनी मला वायर गुंडाळायला मदत केली.

माहितीपट गाजला. माझं नाव झालं. मुंबईच्या एका मंडळानं प्रत मागवली. एका गावात खेळानंतर एक कृषी अधिकारी उठले आणि म्हणाले, “बाई, हे दोन्ही वाफे सारखे ठेवले होते का? एकाची पानं चकाकताहेत, दुसऱ्याची मळकट दिसताहेत.”

मी म्हणाले, “साहेब, तुमचे बूट फार चकाकताहेत. आधी वावरात या, मग बोला!”

काय टाळ्या पडल्या! साहेब बसले. टाळ्या मिळाल्या की मला उत्तर दिल्यासारखं वाटायचं. साहेब खरोखरच कधी वावरात गेले नव्हते, आणि त्याचा राग मला आजही आहे. पण त्या संध्याकाळी बरोबर प्रश्न विचारणारे तेच एक होते.

पुढच्या हिवाळ्यात आसपासच्या बाड्यांमध्ये रेडिओचे चुंबक लटकू लागले. चुंबक आहे म्हणून लोकांनी राख धुरळणं सोडलं, फवारणी सोडली. मावा आला. वांगी गेली. रागावलेली माणसं माझ्याकडे आली नाहीत, कारण मी पडद्यावर नव्हतेच. माहितीपट काढणारा माणूस पडद्यावर दिसत नाही. दिसल्या होत्या गिरजाबाई.

त्या हिवाळ्यात मी एकदा समुद्रपूरच्या बाजारात होते. गिरजाबाईंच्या जुड्या फडक्यात होत्या, समोर कोणी बसलं नव्हतं. शेजारच्या गावची एक बाई आली आणि तिनं ओच्यातली आकसलेली, चिकट पानं त्यांच्या रोपांवर ओतली.

“घे, तुह्ये चुंबकाचे वांगे! माहा सारा वाफा गेला.”

“मी असं बोलली नाई वं,” गिरजाबाई म्हणाल्या. “मी तं धुवाचं सांगतलं होतं.”

“मंग पिच्चरमंधी काय तुही सवत बोलली? आमी आमच्या कानानं आयकलं, बाप्पा!”

आजूबाजूच्या बायका हसल्या. कोणीतरी मागून ओरडलं, “अवं चुंबकबाई, आमच्या घरवाल्याले बांधाले एक चुंबक दे, थो घरी तरी राहीन!” अजून हशा. गिरजाबाई एकेक पान उचलून बाजूला ठेवत होत्या. रोपांना मावा लागू नये म्हणून.

मी सांभारवाल्याच्या, म्हणजे कोथिंबीर विकणाऱ्याच्या दुकानामागे, हाक मारली तर ऐकू जाईल एवढ्या अंतरावर उभी होते. खांद्यावर कॅमेऱ्याची पिशवी. मी पुढे गेले नाही. पातं चालवलं तेव्हा मी निदान मूर्ख होते असं म्हणता येईल. बाजारात मला सगळं कळत होतं.

‘चुंबकबाई’ हे नाव त्यांना चिकटलं. रोपांचा धंदा बसला. त्यांनी मला शोधून शिव्या द्यायला हव्या होत्या. त्या आल्या नाहीत.

मास्तरांनी मात्र एक केलं. वांगी गेल्याचं त्यांच्या कानावर गेलं, तेव्हा त्यांनी कोणाशी वाद घातला नाही. परत अंगणात दोन वाफे लावले. कॅमेरा नाही, मी नाही, फडकं नाही. मला त्यांचं कार्ड आलं, तीनच ओळींचं: दोन्ही वाफे सारखेच किडले. माझा सिद्धान्त चूक आहे. कृपया माहितीपट दाखवणं थांबवावं.

ज्या माणसाला विद्यापीठानं आयुष्यभर वेडा समजलं, तो तीन ओळींत शास्त्रज्ञ ठरला. आणि मी ते कार्ड उशीखाली ठेवून आणखी दोन गावांत खेळ केले, कारण तारखा ठरल्या होत्या. त्यानंतर थांबवले. तोवर मुंबईच्या प्रतीवरून कोणी व्हिडिओ कॅसेट काढल्या होत्या आणि त्या माझ्या हाताबाहेर गेल्या होत्या. मास्तर दोन वर्षांपूर्वी वारले. त्यांचं कार्ड मी आज पहिल्यांदा जाहीर करते आहे.

कापलेला टेपचा तुकडा मी फेकला नव्हता. का, सांगता येत नाही. चहाच्या रिकाम्या डब्यात पडून होता. १९८६ साली तो परत जोडून मी कॅसेटवर उतरवला, प्लेअर घेतला आणि गिरजाबाईंच्या बाडीत गेले. त्या नाल्याकाठी पालक खुडत होत्या. मला ओळखलं. बस म्हणाल्या. मी बटण दाबलं.

त्यांचाच आवाज, तीन वर्षांपूर्वीचा. फरक तं दिसते, बाई. पण थो चुंबकाचा नाई. फडकं ठेव.

मला वाटलं होतं त्या रडतील, किंवा मी रडेन. त्यांनी पालकाच्या जुडीला दोरा बांधला.

“मले काऊन आयकवून राह्यली?” त्या म्हणाल्या. “मी काय बोलली थे मले मालूम आहे. मी कायले इसरू? त्याईले आयकव.”

“कोणाला, मावशी?”

“ज्याईनं पिच्चर पाह्यला त्याईले.”

मी म्हणाले, आता ते कुठं कुठं आहेत मला माहीत नाही. त्या म्हणाल्या, “दाखवला तवा तं सगळे सापडले होते तुले.” आणि जाताना मला पालकाची जुडी दिली. मी ती घेतली. घ्यायला नको होती, पण नाही म्हणायचंही तोंड नव्हतं.

म्हणून हा लेख. मला क्षमा नको, आणि ‘तू तेव्हा लहान होतीस’ हे कोणी म्हणू नये. मी लहान नव्हते, घाईत होते. सगळ्या प्रती मी एकटी शोधू शकत नाही. हा अंक जिथं जिथं जातो तिथल्या शाळा, मंडळं, वाचनालयं यांच्या कपाटात त्या माहितीपटाची कॅसेट असू शकते. तुम्ही समुद्रपूरच्या बाजूचे असाल आणि चादरीवरचा तो खेळ पाहिला असेल, तर बाजारात गिरजाबाईंसमोर जाऊन बसा आणि चार बायकांना ऐकू जाईल असं म्हणा, की मावशी, तुम्ही खोटं बोलल्या नव्हत्या. मग रोपं घ्या. त्या सांगतील तीच जात निघेल.

आणि ज्यांच्याकडे ती कॅसेट असेल, त्यांच्याकडे माझी मागणी आहे. ती फोडू नका. फोडली तर गिरजाबाईंचा अर्धाच शब्द लोकांच्या कानात राहील. माणसं जमवा, लावा. ठिपक्यांच्या लुगड्यातली बाई म्हणेल, ‘फरक तं दिसते, बाई. नाई कायले म्हणू?’ आणि तारेवर चुंबक हलू लागेल. तिथं थांबवा. उभे राहा आणि मोठ्यानं वाचा:

‘पण थो चुंबकाचा नाई. तू मले एक दिवस आड पानं धुवाले लावते, खालून अन् वरून. मावा धुवून जाते. त्या दुसऱ्या वाफ्याले कोणं धुतलं? त्यालेई धुतलं असतं तं थोई असाच झाला असता. चुंबक काढून घरी ने, बाई. फडकं ठेव.’

वाचून झालं की मशीन परत सुरू करू नका.